पायात कोणीतरी

काकूंच्या घरी पाहुण्याला 'बसा' म्हणायची पद्धत नव्हती.

लखनौत हे म्हणजे फारच झालं. या गावात डोकेदुखीची गोळी घ्यायला गेलं तरी औषधवाला स्टूल पुढे सरकवतो. शिंप्याकडे ब्लाउज टाकायला जावं, तर 'तशरीफ़ रखिए' झाल्याशिवाय त्याच्या गळ्यातली मापाची टेप खाली उतरत नाही. अशा गावात निम्मं आयुष्य काढलेल्या काकू दार उघडायच्या, "अरे वा, या या" म्हणायच्या आणि आपण सोफ्याकडे वळतोय असं दिसलं की स्वयंपाकघराच्या दिशेने चालू लागायच्या. माणूस नाइलाजाने मागोमाग जायचा. चहा ओट्याशी, गप्पा अंगणात आणि निरोप फाटकात. बाहेरच्या खोलीतल्या सोफ्यावरची क्रोशाची कव्हरं वर्षानुवर्षं नवीच्या नवी राहिली होती, कारण त्यांना कोणी टेकतच नव्हतं.

मी खोली बघायला गेले तेव्हाही हेच झालं. मी सांगलीहून नुकतीच आलेली. वनस्पतींवर संशोधन करणाऱ्या एका संस्थेत पहिली नोकरी लागली होती आणि गोमती नगरात एक मराठी बाई वरची खोली भाड्याने देतात, एवढ्याच माहितीवर मी पत्ता शोधत पोचले होते. काकूंनी मला घरभर फिरवलं, हातात चहा दिला आणि माझ्या आईवडिलांपासून मामा-मावशांपर्यंतची सगळी चौकशी अंगणात येरझारा घालत केली. मी कप सांभाळत त्यांच्या मागून. मी मुळातच काळजीखोर. गॅस बंद केला का हे बघायला अर्ध्या जिन्यातून परत जाणाऱ्यांतली. बाईंनी बस म्हटलं नाही, म्हणजे आपण पसंत पडलो नाही, आता पुन्हा त्या कळकट लॉजवर जायचं, असं माझ्या मनात चाललेलं असताना त्यांनी माझ्या तळहातावर किल्ली ठेवली.

"उद्या सामान घेऊन ये. जेवणाची सोय होईपर्यंत माझ्याकडेच जेव, सब्जी-रोटी जे असेल ते. आणि हाँ, रात्री छतावर पावलं वाजली तर घाबरू नकोस. मीच असते."

ते ऐकल्यावर मी घाबरले, हे वेगळं सांगायला नको.

काकू मूळच्या रत्नागिरीकडच्या. काका रेल्वेत इंजिनिअर होते, त्यांच्याबरोबर लग्न होऊन इकडे आल्या त्या इथल्याच झाल्या. मी राहायला गेले तेव्हा काका जाऊन बराच काळ लोटला होता. मूलबाळ नव्हतं. उंच, सडसडीत, साडीचा पदर कमरेला खोचलेला आणि पायात कायम पांढरे कॅनव्हासचे बूट. साडीवर बूट घालणाऱ्या काकू साऱ्या कॉलनीत ओळखल्या जायच्या. वर्तमानपत्र फ्रीजवर पसरून उभ्याने वाचायच्या. जेवण ओट्याशी उभ्याने. टीव्हीवरची मालिका इस्त्री करताना बघायच्या, आणि कपडे संपले तर इस्त्री केलेलेच पुन्हा घ्यायच्या. थंडीत मटारचे ढीग आले की कडेवर परात घेऊन घरभर हिंडत शेंगा सोलायच्या. काकू कोणकोणत्या खोल्यांतून गेल्या ते मागे पडलेल्या सालांवरून कळायचं.

अमीनाबाद त्यांना अतिशय प्रिय होतं. मला कुठलीही वस्तू हवी असो, साधी चाळणी का असेना, काकू म्हणायच्या, "चल, अमीनाबादला जाऊ." गोमती नगरातल्या मॉलमध्ये जागोजागी बाकं ठेवलेली, तिथे त्यांचं मन रमत नसे. "अमीनाबाद कसं, थांबलीस की मागचा ढकलतो. ही खरी बाजारपेठ," असं त्यांचं मत. त्या गर्दीत मी पर्स छातीशी धरून कावरीबावरी व्हायचे आणि काकूंचा चेहरा मात्र सुट्टी लागलेल्या मुलीसारखा व्हायचा.

घरात त्या टेकायच्या अशी जागा एकच होती. बाहेरच्या खोलीत छताच्या कड्यांना जाड साखळ्यांनी टांगलेला शिसवी झोपाळा. आमच्या कॉलनीत असा झोपाळा दुसऱ्या कोणाकडे नव्हता. तो काकांनी लग्नानंतर लवकरच करवून घेतला होता आणि बदली झाली की प्रत्येक क्वार्टरमध्ये आधी तो टांगून मग बाकीचं सामान सोडायचे. काकू त्यावर बसायच्या आणि एका पायाने जमीन रेटत राहायच्या. साखळी कुरकुरायची. तेल घालायचं कोणी सुचवलं तर काकू नको म्हणायच्या. संध्याकाळी मी ऑफिसातून आले की फाटकापाशीच ती कुरकुर ऐकू यायची आणि माझ्या जिवाला बरं वाटायचं. घरात सगळं ठीक आहे, एवढा त्याचा अर्थ होता.

हे सगळं मी विक्षिप्तपणा म्हणून सोडून दिलं असतं. पण एका रविवारी दुपारी मी विरजण मागायला खाली गेले. काकू दिवाणावर आडव्या झाल्या होत्या, गाढ झोपेत. परत फिरणार इतक्यात त्यांच्या उजव्या पायाचा अंगठा वर उठला. मग पाऊल वर वळलं, गुडघा दुमडला आणि पाय धाडकन गादीवर पडला. मी थिजले. थोडा वेळ काही नाही. स्वप्न पडलं असेल असं म्हणेपर्यंत पुन्हा अंगठा, पाऊल, गुडघा. पुन्हा शांतता. नळाचं पाणी ठिबकावं तसं ते ठरलेल्या अंतराने चाललं होतं. चेहरा मात्र अगदी स्वस्थ, त्या पायांशी आपला काही संबंधच नसल्यासारखा. मला वाटलं ही फीट आहे. मी ओरडले, "काकू!"

त्या ताडकन उठून बसल्या, पायावर चादर ओढली आणि माझ्यावर इतक्या संतापल्या की मला रडू यायचं बाकी राहिलं. मग एकदम आवाज खाली आला.

"पाहिलंस?"

मी मान हलवली.

"लहानपणापासून आहे," त्या उठून चालायला लागल्या. "संध्याकाळ झाली की सुरू. आतून, हाडाच्या आतून काहीतरी सरपटतं. दुखत नाही ग, दुखलं असतं तर परवडलं असतं. पायात कोणीतरी आहे. मी बसले की ते उठतं. मी चालले की ते गप्प. रात्री झोप लागली तरी ते मेलं माझे पाय हलवत बसतं."

त्यांची आई रात्री त्यांचे पाय पंच्याने बांधून ठेवायची. लग्नानंतर सासूबाईंनी बजावलं, बसल्या जागी पाय हलवणाऱ्या बाईच्या घरात लक्ष्मी टिकत नाही. पुढे मूल झालं नाही, तेही सासूबाईंनी पायांच्याच माथी मारलं. तेव्हापासून काकूंनी बसणंच सोडलं. बसायचं नाही म्हणजे पाय हलायचे नाहीत, पाय हलले नाहीत म्हणजे कोणाला दिसायचे नाहीत. फक्त काकांना माहीत होतं. झोपेत लाथा खाऊन खाऊन त्यांनी आपली खाट वेगळी केली, पण चकार शब्द काढला नाही. एक दिवस वर्कशॉपच्या साखळ्या घेऊन घरी आले आणि म्हणाले, "तुझ्यात इंजिन आहे, ब्रेक तेवढा बसवायचा राहिलाय. तोपर्यंत हा झोपाळा घे."

"डॉक्टरला दाखवलं नाहीत?" मी विचारलं.

"काय सांगू डॉक्टरला? बसवत नाही म्हणून? हसेल तो." मग माझा हात धरून म्हणाल्या, "कोणाला सांगायचं नाही. समाजातल्या बायकांना तर मुळीच नाही. माझी शपथ आहे तुला."

समाज म्हणजे लखनौतल्या मराठी मंडळींचा समाज. रेल्वेतले, सरकारी कचेऱ्यांतले, आमच्यासारखे प्रयोगशाळांतले. गणपतीत सगळे एकत्र जमायचे. तिथे काकू म्हणजे देवमाणूस. पंगतीत कधी बसल्या नाहीत, कायम वाढायला. भजनाला बसल्या नाहीत, कायम चपला लावायला, पाणी द्यायला. इतकं निरलस माणूस पाहिलं नाही, असं सगळे म्हणायचे. एका वर्षी मंडळाने त्यांचा सत्कारच ठेवला. अविश्रांत सेवेबद्दल.

सत्कार म्हटला की खुर्ची आली. व्यासपीठावर, समोर शे-दोनशे माणसं आणि अध्यक्ष बोलायला उभे राहिलेले. तेही संध्याकाळच्या वेळी. मी तिसऱ्या रांगेत बसून काकूंच्या पायांकडे बघत होते. आधी त्यांनी घोटे एकमेकांत अडकवले. मग एका पायाने दुसरा दाबून धरला. चेहऱ्यावर हसू तसंच होतं, पण शालीखाली हातांच्या मुठी वळलेल्या. अध्यक्षांना घाई नव्हती. समोर सासूबाईच बसल्या असाव्यात तशा काकू अंग चोरून होत्या आणि इकडे घाम मला फुटला होता. शेवटी त्या उठल्या. शाल खांद्यावर, नारळ टेबलावर, आणि सरळ खाली उतरून त्यांनी पाण्याचा जग उचलला. त्या लोकांना पाणी द्यायला लागल्या.

अध्यक्ष भारावून म्हणाले, "बघा! स्वतःच्या सत्कारातसुद्धा!"

टाळ्यांचा कडकडाट झाला. काकू माझ्यापर्यंत आल्या, मला पाणी दिलं. त्यांचे डोळे भरलेले होते. समाजातल्या कोणी ते आनंदाचे अश्रू मानले असतील तर माझी हरकत नाही.

हे असंच चालत राहिलं असतं. पण मग काकूंना दिसेनासं होऊ लागलं.

त्यांचा डावा डोळा लहानपणी विटी लागून गेला होता. त्यातून फक्त उजेड-अंधार कळायचा. सगळी भिस्त उजव्यावर, आणि त्यात मोतीबिंदू झाला. आधी चहा कपाबाहेर ओतला गेला. मग आमटीत मीठ दोनदा पडलं. एकदा चौकात त्या ई-रिक्शासमोरून अशा गेल्या की चालकाने ब्रेक दाबून हात जोडले, "अम्मा, हमारी नहीं तो अपनी सोचिए!" माझ्या काळजीला तर खाद्यच मिळालं. ज्यांना चालल्याशिवाय राहवत नाही त्यांना समोरचं दिसत नाही, हा विचार मला ऑफिसात सूक्ष्मदर्शकापाशीसुद्धा सोडेना. संध्याकाळी छतावर पावलं वाजायला लागली की मी वरच्या खोलीत कान देऊन बसायचे. छताचा कठडा जेमतेम गुडघ्याएवढा. पावलं कठड्याकडे गेली की माझा श्वास अडकायचा, परत फिरली की सुटायचा.

मग एक दिवस शेजारच्या मिश्राइन भाभी काकूंना धरून घेऊन आल्या. कॉलनीत पाइप टाकायला रस्ता खणला होता, काकू त्या खड्ड्यात पडता पडता वाचल्या होत्या. एक बूट आतच राहिला होता. "बिटिया, इन्हें अब दिखाओ किसी को," भाभी मला म्हणाल्या. काकू नळाखाली पाय धूत म्हणत होत्या, "काही नाही ग, जरा अंदाज चुकला."

मी त्यांना एका डोळ्यांच्या इस्पितळात नेलं. डॉक्टर तरुण बाई होत्या, हळू बोलणाऱ्या, अस्सल लखनवी. त्यांनी तपासलं आणि म्हणाल्या, "अम्मा, अब देर मत कीजिए. एक ही आँख है आपकी. छोटा-सा ऑपरेशन है, बेहोश भी नहीं करेंगे. बस थोड़ी देर बिल्कुल बिना हिले लेटना है."

टेबलाखाली काकूंनी माझं मनगट इतकं आवळलं की नखं रुतली.

बाहेर आल्यावर त्या म्हणाल्या, "गणपती होऊन जाऊ देत." गणपती झाले, पितृपक्ष आला. मग दिवाळी. मग थंडीत जखमा भरत नाहीत, असं त्यांना कोणीतरी सांगितलेलं आठवलं. मी रागावले तेव्हा झोपाळ्याला रेटा देत त्या म्हणाल्या, "सुरी डोळ्यात असताना माझा पाय उडाला तर? मला एकच आहे ग." डोळा गेला तर काकू चालणार कशा, आणि चालल्या नाहीत तर जगणार कशा, हा हिशेब माझ्याच्याने सुटत नव्हता. डॉक्टरांना सगळं सांगा म्हटलं की त्या शपथेची आठवण द्यायच्या.

शेवटी त्यांनीच एक मार्ग काढला. तालीम करायची.

मी ऑफिसातून आले की जेवणाच्या टेबलावर चादर अंथरलेली असायची. काकू त्यावर आडव्या व्हायच्या. प्रवासात बिछाना बांधायच्या काकांच्या जुन्या होल्डॉलचे चामडी पट्टे त्यांनी शोधून काढले होते, त्या पट्ट्यांनी मी त्यांचे पाय टेबलाला बांधायचे. तोंडावर काकांचा रुमाल, डोळ्यापाशी भोक पाडलेला. माझ्या हातात चहाचा चमचा. "तू डॉक्टर. घाबरायचं नाही," असं त्या रुमालाखालून मलाच सांगायच्या. मी चमचा डोळ्याजवळ धरायचे. काही क्षण सगळं ठीक. मग त्यांचा श्वास बदलायचा, दात आवळल्याचा आवाज यायचा, पट्टा ताणला जायचा. "धरून ठेव, धरून ठेव," म्हणेपर्यंत टेबल हादरायचं. एकदा कडेला ठेवलेला पाण्याचा तांब्या उडाला आणि माझ्या हातातला चमचा सरळ त्यांच्या कपाळाला लागला. दोघीही हसलो. पण त्या रात्री मला जेवण गेलं नाही, कारण तो चमचा होता म्हणून आम्ही हसलो.

एका संध्याकाळी त्यांनी मला गोळ्यांची पट्टी दाखवली. सर्दीच्या साध्या गोळ्या. "या खाल्ल्या की गुंगी येते. त्या दिवशी दोन घेईन. मी झोपले की पायातलंही झोपेल." रोज एक घेऊन त्यांनी सवय करायला सुरुवातही केली होती. मला एवढंच जाणवलं की हल्ली छतावरची पावलं वाढली आहेत. काळजीपायी वाढली असतील, असं मी धरून चालले.

आणि मग एका रविवारी सकाळी, अंघोळी आटोपल्यावर, सहज म्हणून आम्ही तालीम केली आणि काकू निपचित पडून राहिल्या. पट्टा ढिला. श्वास संथ. मी चमचा धरून उभी, हात भरून आला तरी पाय हलेना. रुमाल काढून त्या माझ्याकडे बघत राहिल्या. "जमलं की ग!" आम्हाला वाटलं, तालमीने जमलं. दुसऱ्याच दिवशी आम्ही ऑपरेशनची सकाळची वेळ घेऊन आलो.

त्या सकाळी काकूंनी दोन गोळ्या घेतल्या, देवाला नमस्कार केला आणि अमीनाबादला निघाल्यासारख्या माझ्यापुढे चालत इस्पितळात शिरल्या. त्यांना हिरवा झगा आणि टोपी दिली, डोळ्यात थेंब घातले. आणि मग कळलं की आतलं एक यंत्र बिघडलं आहे, माणूस बोलावला आहे, जरा वेळ लागेल. जरा वेळाची दुपार झाली. दुपार कलली. कॉरिडॉरच्या फरशीवर उन्हाचा पट्टा लांब होत चालला आणि काकू उठून चालायला लागल्या. हिरव्या झग्यातली उंच बाई, एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे. येणारा जाणारा प्रत्येक जण अदबीने म्हणत होता, "अम्मा, बैठ जाइए." नर्स म्हणाली, बैठ जाइए. वॉर्डबॉय म्हणाला, अम्मा, तशरीफ़ तो रखिए. गोळ्यांनी त्यांची मान पेंगत होती आणि खाली पाय धावत होते. एवढा वाईट देखावा मी पुन्हा पाहिला नाही. घरी परत जाऊ म्हणावं, तर पुन्हा त्या इथवर येणार नाहीत याची मला खात्री होती. आत जाऊ द्यावं, तर ते टेबल, ती सुरी आणि तो एकच डोळा. डॉक्टरांना सगळं सांगून टाकावं, तर शपथ आड येत होती.

यंत्र सुरू झालं. डॉक्टर स्वतः दारात आल्या. "आइए अम्मा, माफ़ कीजिएगा, बहुत इंतज़ार कराया."

काकू त्यांच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "डॉक्टर साहिबा, खड़े-खड़े हो सकता है क्या?"

वॉर्डबॉय फिसकन हसला. डॉक्टर हसल्या नाहीत. "खड़े-खड़े क्यों, अम्मा?"

काकूंनी माझ्याकडे पाहिलं. मी त्यांच्याकडे. मग त्या माझ्यावरून नजर काढून घेऊन, शाळेतल्या मुलीने चूक कबूल करावी तशा आवाजात म्हणाल्या, "मेरे पैर में कोई है."

डॉक्टरांनी तोंडावरचा मास्क खाली ओढला. काकूंचे पाय जागच्या जागी मागेपुढे होत होते, ते त्यांनी पाहिलं. आणि त्यांनी 'बैठ जाइए' म्हटलं नाही. काकूंच्या कोपराला हात लावून त्या म्हणाल्या, "चलिए, टहलते हैं." दोघी कॉरिडॉरमधून चालायला लागल्या. मी मागे.

"शाम को ज़्यादा होता है?"

"हाँ."

"सुबह आराम रहता है? चलने से दब जाता है?"

"हाँ."

"नींद में पैर झटकते हैं?"

काकू थांबल्या. वळून माझ्याकडे असं पाहिलं की मी दोन्ही हात हलवून नाही नाही म्हटलं. "आपको किसने बताया?" त्यांनी डॉक्टरांना विचारलं.

"किसी ने नहीं. यह बीमारी है, अम्मा. रेस्टलेस लेग्ज़ कहते हैं. बहुत लोगों को होती है."

"बहुत लोगों को?"

"बहुत लोगों को."

काकू भिंतीला टेकल्या. मराठीतच, कोणाला उद्देशून ते कळलं नाही, म्हणाल्या, "म्हणजे मी एकटी नव्हे?" आणि त्या रडायला लागल्या. हमसून हमसून, टोपी सरकून कानावर आली तरी. मी इतक्या दिवसांची काळजी धरून उभी होते, मीही रडले. नर्स गोंधळून पाणी घेऊन आली आणि तीही म्हणाली, "बैठ जाइए दोनों."

त्या दिवशी ऑपरेशन झालं नाही. डॉक्टरांनी त्यांना मेंदूविकाराच्या तज्ज्ञाकडे धाडलं. रक्त तपासलं, तर अंगात लोह फारच कमी निघालं. सर्दीच्या गोळ्या कळल्यावर ते तज्ज्ञ कपाळाला हात लावून म्हणाले, "इससे तो और भड़कता है, माताजी!" झोपेतलं पाय झटकणं हे बहुतेकदा याच दुखण्याच्या जोडीने येतं, हेही त्यांनीच सांगितलं. आमच्या संध्याकाळच्या तालमी म्हणजे नेमक्या त्या दुखण्याच्या वेळेला त्याला दिलेलं आमंत्रण होतं, आणि सकाळी ते तसंही गप्पच असतं, ती रविवारची सकाळ आमची कमाई नव्हतीच. सर्दीच्या गोळ्या बंद झाल्या, लोह सुरू झालं, रात्रीची एक बारीक गोळी आली. हळूहळू छतावरची पावलं कमी झाली. नाही वाजली की मी दचकून जागी व्हायचे, हा भाग वेगळा.

मग एके सकाळी, पहिल्याच नंबरला, काकू त्या दाराआड गेल्या. बाहेर बाकावर मला बसवेना. मीच कॉरिडॉरमध्ये येरझारा घालत होते आणि येणारे जाणारे मला म्हणत होते, बैठ जाइए. दार उघडलं तेव्हा डॉक्टरांच्या चेहऱ्याकडे बघायचा मला धीर झाला नाही, आधी त्यांचे शब्द कानावर आले. "ज़रा भी नहीं हिलीं."

डोळ्यावर पट्टी बांधलेल्या काकू मला नंतर म्हणाल्या, "पडल्या पडल्या मनात सगळं अमीनाबाद फिरून आले. चाळणी घेतली नाही तेवढी."

पुढे मला पुण्यात नोकरी मिळाली. निघताना काकूंनी फाटकात निरोप दिला, नेहमीसारखा उभ्याने. फोनवर बोलताना मागे साखळीची कुरकुर ऐकू यायची. ती ऐकू आली की मी फोन कानाशी जरा घट्ट धरायचे.

मध्यंतरी एका परिषदेसाठी लखनौला जाणं झालं. स्टेशनवरून काकूंना फोन लावला, उचलला नाही. रिक्शातून पुन्हा लावला, नाही. ज्याला काळजीची सवय आहे त्याला या दोन फोनांमध्ये काय काय दिसतं ते मी सांगत बसत नाही. फाटकाशी उतरले तेव्हा संध्याकाळ झाली होती, त्यांची वेळ. मी कान दिला. कुरकुर नव्हती. बाहेरचं दार नुसतं लोटलेलं होतं. मी ते ढकललं.

काकू झोपाळ्यावर होत्या, माझ्याकडे पाठ करून. झोपाळा स्तब्ध होता. साखळ्या सरळ खाली आलेल्या, दोन्ही पावलं जमिनीवर टेकलेली, मान पुढे झुकलेली. एवढ्या वर्षांत मी तो झोपाळा त्यांच्यासकट थांबलेला कधी पाहिला नव्हता. पुढे जायचं होतं, पण पाय उचलेना. या घरात बसणं काय असतं ते मला ठाऊक होतं, आणि असं बसणं मला एकाच अर्थाने समजत होतं.

कागद सळसळला. काकूंनी मांडीवरच्या वर्तमानपत्राचं पान उलटलं.

मग माझी चाहूल लागून त्या वळल्या. चष्म्यावरून मला न्याहाळलं आणि तोंडभर हसल्या.

"अरे, केव्हा आलीस? फोन आतल्या खोलीत राहिला बघ." माझा उतरलेला चेहरा बघून त्यांनी दोन्ही पायांवरून हात फिरवला, घरातल्या म्हाताऱ्या मांजरावरून फिरवावा तसा. "पूर्ण गेलं नाही ग ते. येतं कधीमधी भेटायला. पण आता त्याला नाव आहे, आणि मी त्याला घाबरत नाही."

मी दारातच उभी होते. हातात बॅग तशीच. काकू झोपाळ्यावर जरा सरकल्या, शेजारची जागा हाताने झटकली.

"बस ना," त्या म्हणाल्या. "उभी काय राहिलीस पाहुण्यासारखी?"